क्रुसाला तलवारीची मूठ करू नका

मीरा-भाईंदरमधल्या उत्तनच्या पुढे, चौकच्या टेकडीवर धारावी किल्ल्याचे अवशेष आहेत. समोर वसईच्या खाडीचे मुख आणि पलीकडे वसईचा किल्ला. १७३९ च्या मार्च महिन्यात चिमाजी अप्पांच्या फौजेने हे ठाणे पोर्तुगीजांकडून घेतले आणि मे महिन्यात वसई पडली. या टेकडीच्या भोवती उत्तन, पाली, चौक, डोंगरी या गावांत आजही ख्रिस्ती कोळ्यांची आणि शेतकऱ्यांची घरे आहेत. डोंगरीचे बेथलेहेम मातेचे चर्च १६१३ सालचे, म्हणजे किल्ला पडला तेव्हाही ते सव्वाशे वर्षांचे होते. राज्ये बदलली, पण ही माणसे इथेच राहिली. त्यांची भाषा मराठी, मासळी इथल्याच समुद्राची आणि श्रद्धा ख्रिस्तावर.

त्यामुळे युद्धाविषयी ख्रिस्ती माणसाने काय म्हणावे, हा प्रश्न मीरा-भाईंदरच्या ख्रिस्ती समाजाला पुस्तकात शोधावा लागत नाही. तो दारातच उभा आहे. तरीही आपण त्याला भिडत नाही. सीमेवर तणाव वाढला, की आपल्या प्रार्थनेत फक्त आपला विजय असतो. वसईच्या लढाईचा विषय निघाला, की काही जण गप्प होतात, तर काही जण पोर्तुगीज गेल्याची हळहळ करतात. बाहेरचा कोणी याच इतिहासाचा दांडका करून आपल्याला परके ठरवू लागला, की आपण घाबरतो किंवा चिडतो. ख्रिस्ताचा अनुयायी म्हणून या प्रश्नाचे स्वच्छ उत्तर मात्र आपल्याकडे तयार नसते. ते उत्तर द्यायची वेळ आता आली आहे.

सुरुवात ख्रिस्तापासूनच करावी लागेल. गेथसेमनेच्या बागेत रात्री शिपाई आणि मंदिराचे पहारेकरी त्याला पकडायला आले. पेत्राने तलवार उपसली आणि एकाचा उजवा कान छाटला. योहानाच्या शुभवर्तमानात त्या माणसाचे नावही आहे: मल्ख, महायाजकाचा दास. त्या जमावामागची सत्ता कोणाच्या हाती होती? धर्मपीठावर बसलेल्यांच्या, रोमन सुभेदाराच्या. कान मात्र कापला गेला दासाचा. येशूने पेत्राला तिथेच थांबवले आणि लूक सांगतो त्याप्रमाणे, मल्खाच्या कानाला हात लावून तो बरा केला. अटक होण्याआधीचे त्याचे हे अखेरचे आरोग्यदान, आणि ते शत्रूच्या माणसाला मिळाले. पेत्राची बाजू न्यायाची होती, समोरून अन्याय चालून आला होता आणि जो धोक्यात होता तो प्रत्यक्ष प्रभू होता. तलवार काढायला याहून सबळ कारण जगात सापडणार नाही. तरीही ख्रिस्ताने ती खाली ठेवायला लावली. ज्या समाजाच्या श्रद्धेच्या मुळाशी हा प्रसंग आहे, त्याला युद्धाचा जयजयकार सहजासहजी करता येणार नाही.

पहिल्या तीन शतकांतल्या ख्रिस्ती विचारवंतांना याची जाण होती. तर्तुलियन आणि ओरिजेन यांनी ख्रिस्ती माणसाने हत्यार धरण्याला विरोध केला. इ.स. २९५ मध्ये आजच्या अल्जीरियातल्या तेबेसा गावी मॅक्सिमिलियन नावाच्या एकवीस वर्षांच्या तरुणाने सैन्यात भरती व्हायला नकार दिला आणि त्यापायी शिरच्छेद पत्करला. सम्राटाच्या पदरी ख्रिस्ती सैनिक आहेत, त्यांचे काय, असे अधिकाऱ्याने त्याला विचारले. आपल्यासाठी काय योग्य ते त्यांना ठाऊक, असे त्याने सांगितले. त्याने त्यांना दोषी ठरवले नाही, पण स्वतःच्या सद्सद्विवेकाशी तडजोडही केली नाही. म्हणजे मतभेद तेव्हाही होता. शत्रूवर प्रेम करण्याची आज्ञा मात्र कोणी बासनात गुंडाळून ठेवली नव्हती.

चौथ्या शतकात कॉन्स्टंटाइन सम्राट झाला आणि चर्चचे दिवस पालटले. छळ सोसणारा समाज राज्यकर्त्यांच्या पंगतीला बसला. राज्य चालवायचे तर संरक्षण करायला हवे. मग बळ कधी वापरावे? संत ऑगस्टीन याच प्रश्नाशी झुंजले आणि १३ व्या शतकात संत थॉमस अक्वायनस यांनी त्याला नीट चौकट दिली. युद्ध योग्य अधिकाऱ्याने पुकारलेले असावे, त्याचे कारण न्याय्य असावे आणि हेतू शुद्ध असावा. पुढे या तीन अटींत भर पडली: इतर सगळे उपाय थकलेले असावेत, यशाची खरी शक्यता असावी, युद्धातून होणारा नाश टाळलेल्या अन्यायापेक्षा मोठा नसावा आणि निःशस्त्र माणसांना हात लावू नये. न्याय्य युद्धाचा सिद्धांत म्हणतात तो हाच. तो तलवारीला परवाना द्यायला जन्मला नव्हता. तिला बांध घालायला जन्मला होता. या अटींतली एक जरी मोडली, तरी धर्माने त्या युद्धाच्या पाठीवरचा हात काढून घ्यायचा असतो.

आणि असे कधी घडलेच नाही, असेही नाही. इ.स. ३९० मध्ये थेस्सलोनिकात दंगल झाली, तिचा सूड म्हणून सम्राट थिओडोसियसच्या सैन्याने हजारो नागरिक कापले. सम्राट ख्रिस्ती होता. मिलानचे बिशप संत अँब्रोज यांनी त्याला कळवले, की जाहीर प्रायश्चित्त घेतल्याशिवाय तुला प्रभुभोजन मिळणार नाही. जगातल्या सर्वांत बलाढ्य माणसाला अखेर वाकावे लागले. युद्धाच्या नीतीची खरी कसोटी इथे लागते. शत्रूचे युद्ध अन्यायाचे आहे हे कोणीही सांगेल. आपल्या राजाचे, आपल्या झेंड्याचे, आपल्या धर्मबांधवांचे चुकत असताना जो बोलतो, त्यालाच या विषयावर बोलण्याचा अधिकार असतो.

ही कसोटी आता आपल्या अंगणात लावून पाहू. १५३४ च्या तहाने गुजरातच्या बहादूरशहाने वसई पोर्तुगीजांना दिली. त्यांच्या गलबतांतून तोफा आल्या तसे मिशनरीही आले, आणि क्रूस तोफेच्या सावलीत उभा राहिला. दहिसरच्या नाक्यापासून फार दूर नसलेल्या बोरिवलीच्या मंडपेश्वर लेण्यात शिवाचे स्थान होते. १६ व्या शतकात फ्रान्सिस्कन धर्मगुरूंनी त्याचे चर्च केले. या संघाचे संस्थापक असिसीचे संत फ्रान्सिस हे १२१९ मध्ये क्रूसयुद्ध पेटलेले असताना इजिप्तमध्ये सुलतान अल-कामिलच्या छावणीत निःशस्त्र गेले होते. त्याच्याशी बोलून ते सुखरूप परतले. त्यांच्याच नावाने व्रत घेतलेल्यांनी इथे दुसऱ्याचे देवस्थान ताब्यात घ्यावे, याचे दुःख आपल्याला झाले पाहिजे आणि ते उघडपणे बोलून दाखवता आले पाहिजे. गोव्यात १५६० पासून इन्क्विझिशन बसले. उत्तर कोकणातही हिंदूंच्या उपासनेवर बंधने आली. अंजूरच्या गंगाजी नाईकांसारखी इथली माणसे वर्षानुवर्षे पेशव्यांच्या दारी गाऱ्हाणे नेत होती.

१७३७ मध्ये मराठ्यांनी मोहीम काढली, ठाणे घेतले आणि दोन वर्षांनी वसईला वेढा घातला. चर्चने स्वतः घडवलेल्या मापाने हे युद्ध मोजा. अधिकार राज्याचा होता. कारण होते पिढ्यान्‌पिढ्यांचा धार्मिक जुलूम. गाऱ्हाणी मांडून झाली होती. वेढ्यात दोन्हीकडची असंख्य माणसे पडली, मराठ्यांची तर हजारोंनी. अखेर वसईची सूत्रे हाती असलेल्या कायतानु द सोझा परेरा यांनी शरणागतीच्या कलमांवर सही केली. पराभूत शिबंदीला शस्त्रांसह, सन्मानाने बाहेर पडू दिले गेले. मागे राहणाऱ्या ख्रिस्ती लोकांना उपासनेचे स्वातंत्र्य देण्याचे कलम त्यात होते. जिंकलेल्या सैन्याने हरलेल्यांशी कसे वागावे, याविषयी संत थॉमस यांच्या परंपरेत जे शिकवले जाते, त्याच्या बरेच जवळ जाणारे हे वर्तन होते. न्याय्य युद्धाच्या अटींवर त्या वर्षी वसईत पोर्तुगीज सत्तेची बाजू लंगडी पडते आणि चिमाजी अप्पांची बाजू सरस ठरते. हे म्हणताना ख्रिस्ती माणसाची जीभ अडखळायला नको. उलट, हे म्हणता आले तरच आपला न्याय जातीधर्मापलीकडचा आहे असे ठरेल.

या निकालाला दुसरी बाजूही आहे आणि ती सांगितल्याशिवाय न्याय पुरा होत नाही. पेशव्यांना वसईची बंदरे, सुपीक जमीन आणि महसूलही हवा होता. त्यामुळे हेतूच्या शुद्धतेची अट तिथे पूर्ण उतरली असे म्हणता येत नाही. चर्चच्या घंटा उतरवून नेल्या गेल्या. वाईजवळ मेणवलीच्या घाटावर १७०७ सालची, मारिया आणि बाळ येशूची आकृती असलेली अशी एक घंटा आजही टांगलेली आहे. आधी देवळांनी सोसले, मग चर्चनी. आणि या सगळ्यात ज्यांचा सत्तेशी काडीचा संबंध नव्हता, त्या खाडीकाठच्या साध्या माणसांनी सर्वाधिक सोसले. युरोपीय पाद्री निघून गेले, तेव्हा ही माणसे एतद्देशीय धर्मगुरूंच्या आधाराने टिकून राहिली. ती पोर्तुगालची नव्हती आणि पुण्याच्या दरबाराचीही नव्हती. ती या मातीची होती. म्हणून वसईची आठवण ‘तुमचे’ आणि ‘आमचे’ अशी वाटून घेण्याला अर्थ नाही. पोर्तुगीज सत्तेचा पराभव हा इथल्या ख्रिस्ती श्रद्धेचा पराभव नव्हता. झालाच असेल, तर तो त्या श्रद्धेला चिकटलेल्या बंदुकीचा होता.

क्रूस आणि सत्ता यांची मिठी जिथे जिथे घट्ट झाली, तिथे ख्रिस्ताचा चेहरा पुसला गेला. याचा सर्वांत भयानक दाखला विसाव्या शतकात मिळाला. ९ ऑगस्ट १९४५ रोजी नागासाकीवर अणुबॉम्ब पडला, तो उराकामी भागात. जपानमधला सर्वांत मोठा कॅथलिक समाज तिथे होता. अडीचशे वर्षे छळ सोसून, लपूनछपून श्रद्धा जपलेल्या घराण्यांचा. त्यातली हजारो माणसे होरपळून मेली. उराकामीच्या कॅथेड्रलमध्ये त्या सकाळी पापनिवेदनासाठी लोक आले होते. बॉम्ब टाकणाऱ्या विमानाचा वैमानिकही कॅथलिक होता. टिनियन बेटावर त्या पथकाचे धर्मगुरू होते फादर जॉर्ज झाबेल्का. पुढे त्यांना पश्चात्ताप झाला. निरपराध नागरिकांना मारणे पाप आहे, हे त्या तरुण वैमानिकांना मी सांगायला हवे होते आणि मी गप्प राहिलो, असे त्यांनी जाहीरपणे कबूल केले आणि उरलेले आयुष्य अहिंसेच्या प्रचाराला दिले. झाबेल्का यांनी बॉम्ब टाकला नव्हता. त्यांनी मौन बाळगले होते, आणि त्याचे ओझे त्यांनी जन्मभर वाहिले. धर्मगुरूंनी, धर्मशिक्षकांनी आणि आईबापांनी हे विसरू नये.

त्या महायुद्धानंतर चर्चची भाषा बदलत गेली. १९६३ मध्ये पोप जॉन तेविसावे यांनी ‘पाचेम इन तेर्रिस’ या परिपत्रकात अणुयुगात युद्ध हे न्यायाचे साधन मानता येणार नाही असे बजावले. १९६५ मध्ये दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने शहरेच्या शहरे बेचिराख करणे हा देवाविरुद्धचा आणि मानवाविरुद्धचा अपराध ठरवला. त्याच परिषदेने सद्सद्विवेकापोटी शस्त्र नाकारणाऱ्यांना कायद्याने संरक्षण द्यावे, असे सांगितले आणि जनतेच्या रक्षणासाठी प्रामाणिकपणे सेवा बजावणारा सैनिकही शांतीला हातभार लावतो, हेही मान्य केले. पोप फ्रान्सिस यांनी २०१९ मध्ये हिरोशिमात अण्वस्त्रे जवळ बाळगणेही अनैतिक ठरवले आणि २०२० मध्ये ‘फ्रातेल्ली तुत्ती’त लिहिले, की आजच्या शस्त्रांच्या काळात न्याय्य युद्धाच्या जुन्या निकषांचा आधार घेणे फार अवघड झाले आहे.

या प्रवासातला एक टप्पा आपल्या मुंबईत घडला आणि आपणच तो विसरलो. डिसेंबर १९६४ मध्ये पोप पॉल सहावे आंतरराष्ट्रीय युखरिस्त परिषदेसाठी मुंबईत आले होते. त्या भेटीत त्यांनी जगातल्या राष्ट्रांना आवाहन केले: शस्त्रस्पर्धा थांबवा, त्या पैशाचा काही भाग एका जागतिक निधीत घाला आणि तो भुकेल्यांसाठी वापरा. १९६७ च्या आपल्या परिपत्रकात त्यांनी मुंबईच्या या आवाहनाची नाव घेऊन आठवण करून दिली. उपासमार पाहिलेल्या देशात, दोनच वर्षांपूर्वी युद्ध झेललेल्या देशात हे शब्द उच्चारले गेले. परिषदेच्या आठवणी आपल्या वाडवडिलांनी जपल्या. पण ते आवाहन कोणत्या धर्मग्रामात शिकवले जाते? कोणत्या शाळेत त्यावर चर्चा होते?

आता आक्षेप. पहिला असा, की हा सगळा भाबडेपणा आहे. घरात चोर शिरला तर हात जोडून बसायचे का? देशावर कोणी चालून आले तर? या प्रश्नाला टाळाटाळ चालणार नाही. बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाकडे शिपाई आले, तेव्हा त्याने त्यांना नोकरी सोडायला सांगितले नाही. लोकांना लुबाडू नका, कोणावर खोटे आरोप करू नका आणि पगारात समाधानी राहा, असे सांगितले. दुबळ्याचे रक्षण करणाऱ्या सैनिकाचा आणि पोलिसाचा ख्रिस्ती नीती आदरच करते. ज्युलिओ रिबेरो यांचे उदाहरण घ्या. मुंबईचे पोलीस आयुक्त, पंजाबच्या पेटलेल्या काळातले पोलीस महासंचालक, अतिरेक्यांच्या गोळ्या अंगावर झेललेला हा कॅथलिक अधिकारी. मुंबईत १९९२-९३ च्या दंगली झाल्या, त्यानंतर गल्लोगल्ली हिंदू-मुस्लिमांना एकत्र बसवणाऱ्या मोहल्ला समित्यांच्या कामात ते उतरले. बंदुकीने काय साधते आणि कुठे तिचे काम संपते, हे त्यांच्याइतके जवळून पाहिलेली माणसे थोडी. सैनिकाचा खरा आदर करायचा, तर त्याला अन्यायाच्या लढाईत ढकलले जाऊ नये म्हणून आपण जागे राहायला हवे. टीव्हीसमोर बसून दुसऱ्याच्या पोराला सीमेवर धाडणे हे सोपे शौर्य आहे.

दुसरा आक्षेप असा, की अहिंसा म्हणजे भित्र्यांची सोय. त्याचे उत्तर खाडीपलीकडे मिळते. १९८० च्या दशकाच्या अखेरीस वसईच्या हिरव्या पट्ट्यावर बिल्डरांचा आणि गुंडांचा डोळा पडला, तेव्हा फादर फ्रान्सिस दिब्रिटो ‘हरित वसई’च्या आंदोलनाच्या अग्रभागी उभे राहिले. धमक्या आल्या, दहशत आली. त्यांनी शेतकरी, हिंदू-ख्रिस्ती शेजारी, लेखक, शिक्षक यांना एकत्र केले आणि हातात दगड न घेता ते लढले. याच धर्मगुरूंनी ‘सुबोध बायबल’ मराठीत आणले आणि २०२० मध्ये धाराशिवला, तेव्हाच्या उस्मानाबादला, भरलेल्या ९३ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद भूषवले. २०२४ च्या जुलैत ते गेले. मार खाऊनही मार न देणे आणि तरीही मागे न हटणे, याला भित्रेपणा म्हणणाऱ्याने ते एकदा करून पाहावे.

तिसरा आक्षेप सर्वांत जास्त ऐकू येतो: युद्ध आणि शांती हे मोठ्यांचे विषय, आपण छोटी माणसे काय करणार? पण युद्धाची माती आपल्याच गल्लीत मळली जाते. जानेवारी २०२४ मध्ये मीरा रोडच्या नयानगरमध्ये वाहनांच्या मिरवणुकीवरून हाणामारी झाली. पुढचे काही दिवस शहर धुमसत राहिले, दुकाने फुटली आणि मग बुलडोझरही फिरला. जुलै २०२५ मध्ये मराठी बोलण्यावरून झालेल्या मारहाणीनंतर याच शहरात मोर्चे आणि प्रतिमोर्चे निघाले. अशा वेळी ‘हा त्यांचा आपापसातला मामला’ म्हणून खिडक्या लावून घेणे हे शांतीचे काम नाही. ख्रिस्ताने धन्य म्हटले ते शांती करणाऱ्यांना. शांती आवडणारे तर सगळेच असतात. भाषेचा प्रश्न खरा आहे, त्यासाठी आग्रह धरावा. पण थप्पड मारून भाषा रुजत नाही, आणि हे सांगण्याचा अधिकार शतकानुशतके मराठी बोलत आलेल्या उत्तनच्या ख्रिस्ती माणसाइतका कोणाला असेल?

आपल्या समुद्रातही तंटे आहेत. समुद्रतळाशी खुंट रोवून त्याला डोल जाळी बांधायची, त्या जागेला कव म्हणतात. या जागांवरून उत्तन-वसईकडचे डोलवाले आणि दालदा जाळ्यांवर जगणारे सातपाटी-डहाणूकडचे मच्छीमार यांच्यात जुना वाद आहे. कोणाची कव कुठवर, कोणाचे जाळे कोणी तोडले, यावरून बोटी समोरासमोर येतात. दोन्हीकडची माणसे कर्जात, दोन्हीकडची मासळी कमी होत चाललेली. राष्ट्रांच्या युद्धातले सगळे घटक इथे लहान आकारात आहेत: हद्द, भूक, मान आणि जुने वैर. न्याय्य युद्धाच्या अटींतली ‘इतर सगळे उपाय थकले का?’ ही अट आधी इथे लावून पाहा. समोरच्या बंदरात जाऊन, त्यांच्या घरी बसून, त्यांचे ऐकून झाले का? ते झाले नसेल, तर दिल्ली आणि इस्लामाबादने चर्चा करावी, असे म्हणायला आपल्याला तोंड उरत नाही.

म्हणून मागणे नेमके आहे. प्रत्येक धर्मग्रामात धर्मशिक्षणाच्या वर्गाने धारावी आणि वसईच्या किल्ल्यांचा इतिहास शिकवावा, मंडपेश्वरासह आणि शरणागतीच्या कलमांसह, आणि त्या वर्गाला हिंदू शेजाऱ्यांनाही बोलवावे. देशावर युद्धाचा प्रसंग आला, तर रविवारच्या मिस्सेत आपल्या जवानांसाठी प्रार्थना व्हावी आणि त्याच दमात शत्रूच्या देशातल्या मेलेल्यांसाठी, तिथल्या अनाथांसाठीही व्हावी, त्या देशाचे नाव घेऊन. जमलेल्यांपैकी काहींना ते खटकेल. खटकू द्या; मल्खाचा कान बरा होताना पेत्रालाही खटकलेच असेल. शहरातल्या शांतता समित्यांवर आपली माणसे असावीत आणि तणाव सुरू होण्याआधी ती घराघरात पोचलेली असावीत. कोणाच्याही धर्माविषयी विष पेरणारा संदेश आपल्या मोबाईलवरून पुढे जाऊ नये, आणि आला तर पाठवणाऱ्याला, मग तो सख्खा भाऊ का असेना, तोंडावर सांगावे की हे पाप आहे. आणि आपले सरकार, आपला समाज किंवा आपले चर्च चुकत असेल, तर अँब्रोजप्रमाणे ते म्हणणारी माणसे आपण तयार करावीत. अशी माणसे एकटी पडतात, तेव्हा धर्मग्रामाने त्यांच्या पाठीशी उभे राहावे.

मिस्सेत प्रभुभोजनाआधी आपण शेजाऱ्याकडे वळतो आणि हात जोडून किंवा हातात हात घेऊन त्याला शांती देतो. ही कृती चर्चच्या दाराशी संपत असेल, तर तिला अर्थ नाही. ती नयानगरच्या रस्त्यापर्यंत, सातपाटीच्या बंदरापर्यंत आणि सीमेपलीकडच्या कोळीवाड्यापर्यंत गेली पाहिजे. क्रुसाचा आकार तलवारीच्या मुठीसारखा आहे, एवढ्यावरून त्याची मूठ करण्याचा मोह राजांना दर शतकात झाला. आपल्या खाडीच्या काठावर तो एकदा होऊन गेला आणि त्याची किंमत इथल्याच गरिबांनी मोजली. पुन्हा तो होऊ न देणे हे बिशपांचे जेवढे काम आहे, तेवढेच ते तुमचे-माझे आहे, आणि ते येत्या रविवारपासून सुरू करता येते.